हर्णेच्या कर्ण्याची बोलती बंद

मी कर्णा बोलतोय. हातात धरायचा, बॅटरीवर चालणारा, पांढऱ्या अंगाचा आणि लाल तोंडाचा. तुम्ही म्हणाल, कर्णा बोलतोय यात नवल ते काय, त्याचा धंदाच तो! पण खरं सांगू? जन्मभर माझ्या तोंडून दुसरेच बोलत आले. "बाबा रे, तुला स्वतःला काही सांगायचंय का?" असं मला कधी कुणी विचारलं नाही. सांगायचंय. आणि आज मी त्यासाठी कुणाची परवानगी घेणार नाही.

माझा जन्म कुठल्याशा कारखान्यात झाला, पण डोळे उघडले ते रत्नागिरीच्या बाजारातल्या एका दुकानात. तिथून एका शाळेने मला क्रीडादिनासाठी नेलं. तिथले सर माझ्यातून "शांतता राखा, शांतता राखा" असं इतकं ओरडायचे की शांततेला शिरायला जागाच उरायची नाही. पुढे एका उमेदवाराने मला प्रचाराला उसनं नेलं. तो पडला आणि मी त्याच्या माळ्यावर पडलो.

एक गंमत मी सगळीकडे पाहिली. मला हातात घेतलं की माणूस बदलतो. आधी टिचकी मारतो, मग फुंकर मारतो, मग "हॅलो, हॅलो" म्हणतो आणि उत्तराची वाट बघितल्यासारखा थांबतो. त्यानंतर त्याच्या तोंडी घरची भाषा म्हणून राहत नाही. घरी "गो, चा टाक" म्हणणारा गृहस्थ माझ्यापुढे "आपण सर्वांनी या ठिकाणी चहापानाचा लाभ घ्यावा" असं म्हणायला लागतो. मी काय, जे येईल ते मोठं करून बाहेर फेकायचो. आपला आवाज म्हणजे आवाज, अशी माझी घमेंड होती.

माळ्यावरून मला सर्वेशने उतरवलं आणि हर्णे बंदरावर आणलं. सर्वेश म्हणजे शिवा तांडेलाचा पुतण्या. शिवाची होडी पूर्वी मासेमारीला जायची. समुद्रात मासळी कमी झाली तशी त्याने होडीवर बाकं ठोकली, वर ताडपत्री बांधली आणि प्रवासी न्यायला सुरुवात केली. सकाळी हर्णेहून निघायचं, सुवर्णदुर्गाच्या बेटाला पूर्ण वळसा घालायचा, किल्ल्यावर उतरायचं, दुपारी किनाऱ्यावर जेवण, मग कनकदुर्गाचं दीपगृह, आणि संध्याकाळी बंदरावरचा मासळीचा लिलाव. असा दिवसभराचा फेरफटका. माहिती सांगायचं काम सर्वेशचं आणि माझं.

माहिती कसली, पाठांतर! "सदर जलदुर्ग हा अत्यंत प्रेक्षणीय असून..." असं सुरू झालं की पहिल्या बाकावरच्या माना डुलायला लागायच्या. मला वाटायचं, माझ्या भारदस्त आवाजाने मंडळी तल्लीन झाली. ती झोपलेली असायची.

होडीच्या मागच्या टोकाला शिवाची बायको गुणवंती कोळंबी सोलत बसायची. गप्प. बंदरावर मला कळलं होतं, की ही बाई पूर्वी आपल्या होडीची मासळी स्वतः लिलावात बोलायची. तिचा आवाज ऐकून पलीकडच्या आळीतली गिऱ्हाइकं टोपल्या घेऊन धावायची. होडीवर पाहुणे आले, लिलाव थांबला, आणि गुणवंतीचं बोलणंही थांबलं. चहा देणं, पोहे वाढणं, पोरांना उलटी झाली की पाणी देणं, एवढंच तिच्या वाट्याला उरलं. तिच्याकडे बघून मला कधीकधी वाईट वाटायचं. पण तेवढ्यात सर्वेश माझं बटण दाबायचा.

मग सर्वेशला जयगडच्या बंदरात नोकरी लागली आणि तो गेला. नेमकी दुसऱ्या दिवशी मोठी मंडळी यायची होती. रत्नागिरीच्या एका शाळेतल्या मुख्याध्यापिका दर्शनाबाई, त्यांच्या शाळेतले शिक्षक आणि सगळ्यांच्या घरची माणसं.

"अवो, मी बोलू काय?" सकाळी दोर सोडताना गुणवंतीने विचारलं.

"तू?" शिवा हसला. "अगो, ह्यो काय मासळीबाजार हाय? तुझा तो लिलावाचा गळा ऐकून पाव्हनी पान्यात उड्या घालतील."

"मंग तुमी बोला."

"मी सुकानू धरू का बोलू?" शिवाने डोकं खाजवलं. "हे बघ, आजच्या दिवस तू बोल. सर्वेश बोलायचा तसं, चांगल्या भाषेत. दापोलीचा तो गौरव, गाइडचा कोर्स केलेला, त्याला मी सांजच्याला बोलावलंय. आज बिनसलं तर उद्यापासनं त्यो."

गुणवंतीने मला उचललं. निसटता मासा धरावा तशी तिने माझी मूठ आवळून धरली. आज जमलं नाही, तर ही बाई कायमची मागच्या टोकाला कोळंबी सोलत बसणार, हे तिला कळत होतं. मलाही.

मंडळी आली. दर्शनाबाई चष्मा सावरत पुढच्या बाकावर बसल्या. त्यांच्या शेजारी त्यांचे वडील रामजी. हेदवीच्या बाजूचं गाव, सगळी नोकरी मुंबईत गोदीत केलेली, आता कानाने अधू. होडीत पाय टाकताच त्यांनी शिवाला "जय भीम, तांडेल!" असा खणखणीत आवाज दिला, आणि त्यानंतर लेकीला दर वाक्याला विचारायला सुरुवात केली, "काय म्हणाली ती?"

"सदर... सदर जलदुर्ग हा..." गुणवंती माझ्यातून म्हणाली आणि अडली. "अत्यंत... पेक्षणीय... असून..."

"काय म्हणाली?"

"काही नाही बाबा, प्रेक्षणीय म्हणाली."

"कोण?"

मागच्या बाकावर कुणीतरी फिस्सकन हसलं. बाकीच्यांनी मोबाइल काढले. दर्शनाबाई म्हणाल्या, "बाई, जरा कळेल असं सांगा ना." त्यांनी ते रागाने म्हटलं नव्हतं, पण गुणवंतीचा चेहरा उतरला. शिवाने सुकाणूवरून मान हलवली. आणि मीही त्यात भर घातली. दमट हवेने माझा घसा घरघरत होता, तिचा प्रत्येक शब्द मी फाडून बाहेर टाकत होतो.

होडी बेटाच्या मागच्या अंगाला आली. तिथे किनारा दिसेनासा होतो आणि उघड्या समुद्राच्या लाटा तटावर आपटतात. होडी जोरात डोलली. दोघीतिघी किंचाळल्या. सगळ्या माना गुणवंतीकडे वळल्या, आता ही काय सांगते म्हणून. आणि त्या घाबरगुंडीत तिच्या तोंडून जे जन्मभराच्या सवयीने येत होतं तेच आलं.

"बोला! बोला! ह्या बुरुजाला बोला!"

शिवाने डोळे मिटून घेतले. गुणवंतीने जीभ चावली. बाई आता मला खाली ठेवणार, असं मला वाटलं.

"कोंबडा!" रामजी गरजले. "आमच्या घरचा लाल कोंबडा!"

लेकीने चमकून वडिलांकडे पाहिलं. म्हातारा खुशीत होता. सकाळपासून पहिल्यांदा त्यांना काहीतरी कळलं होतं. गोदीत काम केलेल्या माणसाला बोली म्हणजे काय ते सांगावं लागत नाही.

गुणवंतीने क्षणभर त्यांच्याकडे पाहिलं, आणि पदर खोचला. "कोंबडा आला! कोंबड्यावर कोन? पैसे नाय चालायचं हितं. घरातलं लाडकं काय असंल ते बोला!"

"माझी स्कूटी!" एक शिक्षिका ओरडली.

"आमच्या ह्यांची टीव्हीसमोरची खुर्ची!" दुसरी म्हणाली, आणि तिच्या ह्यांनी कपाळावर हात मारला.

"अवो, माल तर बघा नीट!" गुणवंतीला आता रंग चढला. "खालचा कातळ बघा, त्यो बेटाचा हाय, जागचा हाललेला नाय. त्याच्यावरच दगड चढवून तट उभा केलाय. लाट रोज थोबाडीत मारते, ह्यो रोज उभा. तीनशे वर्सांच्या वर झाली, अजून वास मारत नाय! ह्याच्या मागं उभं ऱ्हाऊन मराठ्यांचं आरमार समुद्र राखायचं. असा ताजा माल परत गावायचा नाय. खुर्चीवर कोन?"

कुणी आंब्याचं कलम बोललं, कुणी सासूबाईंचा लोणच्याचा हात बोललं. मोबाइल कधीच खिशात गेले होते. अखेर रामजी बाकावरून अर्धे उठले. "माझी कवळी! वरची!"

आता कवळीवर कोण काय बोलणार? हसून हसून लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं.

"कवळी एक वार! कवळी दोन वार! कवळी... तीन वार! बुरूज आबांचा!" गुणवंतीने हात खाली आपटला. "आनि आमच्या बंदराचा कायदा ऐका आबा. तीन वार झालं की माल परत घेत नाय, आनि सांभाळायचा ज्याचा त्याने. त्याच्यावर कुनी नाव कोरलं, बाटली टाकली, तर तुमच्या घरात घान केली असं समजायचं."

"समजलं," रामजी म्हणाले, आणि छाती पुढे काढून आपल्या बुरुजाकडे बघत बसले.

यानंतर काय विचारता! चोरदरवाजा गेला, तटावरचा वड गेला, बेटावर घिरट्या घालणारं समुद्रगरुडाचं जोडपंसुद्धा गेलं. प्रत्येक माल खपवायचा म्हणजे त्याचे गुण सांगायला हवेत, आणि गुणवंतीला प्रत्येकाचे गुण लहानपणापासून ठाऊक. मी तिचा शब्दन् शब्द उडवत होतो आणि मनात म्हणत होतो, हे सगळं माझ्यामुळेच चाललंय.

गर्वाचं घर खाली म्हणतात ते खोटं नाही. किल्ल्यावर उतरायला धक्का नाही, गुडघाभर पाण्यात उडी टाकावी लागते. गुणवंती रामजींना हात देत होती. एक लाट आली. आबा वाचले, मी तिच्या खांद्यावरून निसटलो आणि तोंडावर पडलो. खारं पाणी पार पोटात गेलं. तिने उचलून बटण दाबलं. मी "खर्र" केलं, मग "फुस्स" केलं आणि गप्प झालो.

"झालं!" शिवा होडीवरून म्हणाला. "आता काय करशील?"

गुणवंतीने मला मासळीच्या रिकाम्या टोपलीत टाकलं आणि टोपली कमरेवर घेतली. महादरवाजाशी जाऊन ती उंबऱ्यावर कोरलेल्या कासवापाशी उभी राहिली, मोकळा हात दुसऱ्या कमरेवर ठेवला आणि गळा सोडला. "बोला! कासवाला बोला!"

काय तो आवाज! तो दरवाजात घुमला, तटावर गेला आणि झाडावरचे कावळे उडाले. आयुष्यात इतके गळे माझ्यातून गेले, पण असा गळा मी ऐकला नव्हता. ऐकणार कसा? तो जाताना माझ्याच घशात अडकत होता.

"दर्शना," रामजी म्हणाले, "आता कसं स्वच्छ ऐकू येतंय! त्या डब्यातनं नुसती खरखर यायची."

डबा! मला लागलं ते. खोटं का बोलू? टोपलीत आडवा पडून मी पाच मिनिटं रुसलो. पण रुसून राहता येईना. तिने मारुतीची मूर्ती दाखवली, गोड्या पाण्याचं टाकं दाखवलं, समुद्राच्या पोटात गोडं पाणी कसं म्हणून लोकांना कोड्यात पाडलं, आणि मीही सगळ्यांबरोबर तोंड वासून ऐकत बसलो. माझं तोंड तसंही वासलेलंच असतं. पण ऐकण्यात इतकं सुख असतं हे मला त्या दिवशी कळलं.

परतताना रामजींना आपल्या बुरुजाच्या पायथ्याशी वेफर्सची पाकिटं दिसली. "माझ्या बुरुजाखाली ही घाण कुणाची?" म्हणत त्यांनी काठी आपटली. मग ज्याने जो माल घेतला होता त्याने त्याच्या आजूबाजूचा कचरा उचलला आणि माझ्याच टोपलीत भरला. वास यायला लागला, पण मी कुरकुरलो नाही.

दुपारी सोलकढी आणि तळलेली सुरमई समोर आली तशी गुणवंती म्हणाली, "आबा, कवळीची मालकीन मी. पन जेवनापुरती उसनी देते." दर्शनाबाई इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. शाळेतले शिक्षक त्यांच्याकडे बघतच राहिले.

संध्याकाळी होडी हर्णे बंदरावर लागली. वाळूवर मासळीचे वाटे मांडले होते, लिलाव रंगात आला होता. आमची मंडळी आज नुसती बघायला उभी राहिली नाही, त्यांना आता सगळं कळत होतं. कुणाची बोली चढली की ती टाळ्या पिटत होती.

दर्शनाबाई शिवाजवळ आल्या. "जानेवारीत शाळेची सहल आणते, तांडेल. पण बोलणार ह्याच."

त्याच वेळी दापोलीचा गौरव आला. इस्त्रीचा शर्ट, डोक्याला टोपी, गळ्यात ओळखपत्र. बिचाऱ्याचा काही दोष नव्हता, बोलावलं म्हणून आला होता. शिवा त्याच्याकडे बघून ओशाळला, मग बायकोकडे बघून हसला.

"गौरवभाऊ, चा घे, मासे घेऊन जा घरला. पन होडीवर बोलायच्या कामाला तीन वार होऊन गेलं."

गुणवंतीने ऐकलं. तिने डोक्यावरची टोपली खाली ठेवली, दोन्ही हातांनी तोंड पुसलं आणि बंदरभर ऐकू जाईल अशी हसली. लिलावातल्या बायका वळून बघायला लागल्या. मला तेव्हा जे वाटलं ते सांगायला मला शब्द सापडत नाहीत, आणि मी तर शब्दांवर जगलेला!

माझं पुढे काय झालं म्हणता? शिवाने माझे मागचे स्क्रू काढले, आतली जळकी तार आणि बॅटरी फेकून दिली आणि उरलेल्या माझं नरसाळं केलं. रोज सकाळी माझ्या तोंडातून इंजिनात डिझेल ओततात. मग मला खुंटीला अडकवतात, तोंड पुढच्या बाजूला करून. तिथून मला गुणवंती पूर्ण दिसते. परवा तिने दीपगृहाची बोली पुकारली तेव्हा एका नव्या नवरदेवाने बायकोच बोलीला लावली, आणि त्या पोरीने तिथल्या तिथे नवरा लावला.

आता एक विनंती. होडीवर येणारा एखादा हौशी माणूस मला बघतो आणि म्हणतो, "अरे, हा तर दुरुस्त होईल! रत्नागिरीत नेऊन देतो." बाबांनो, हात जोडतो, मला दुरुस्त करू नका. तुम्ही या, घरातलं लाडकं काय ते ठरवून या, आणि मोठ्याने बोला. मला इथेच खुंटीवर राहू द्या. आत्ताच तिने पदर खोचलाय, आणि मला ऐकायचंय.