इंजिन चालू ठेवा

अमेरिकेतल्या वेस्ट विंडसरच्या थंडीत सकाळी गाडी सुरू केली की इंजिन तापेपर्यंत ती तशीच घुरघुरत उभी ठेवावी लागते. शेजारचा श्रीरंग रोज तसंच करायचा, आणि थनासिस व्लाखोस, ग्रीक सैन्यातला एके काळचा कर्नल, मुलीच्या घराच्या तळघरात कानांवर उशी दाबून पडून राहायचा. पप्पांना झोप लागत नाही, असं मुलगी लोकांना सांगायची.

तरुणपणी त्यानं यादवी युद्धात आपल्याच लोकांवर बंदूक चालवली होती. तेव्हा त्याला पदक मिळालं. सदुसष्ट साली अथेन्समध्ये रणगाडे रस्त्यावर आले, लष्करानं सरकार घशात घातलं, तेव्हा यानं मुकाट सलाम ठोकला. तेव्हा बढती मिळाली. चौऱ्याहत्तरला ते राज्य कोसळलं. पुढच्या वर्षी खटला झाला, हुद्दा गेला, तुरुंग झाला. राज्यं बदलत गेली, हा हुकूम पाळत राहिला, आणि शेवटी तेच अंगाशी आलं.

पप्पा पंचाहत्तर साली तुरुंगात होते, एवढंच मुलगी शेजाऱ्यांजवळ बोलून गेली होती. श्रीरंगला तेवढं पुरलं. त्याचे वडील एकनाथराव, सांगलीचे निवृत्त शिक्षक, आणीबाणीत आत गेले होते. पंचाहत्तर साली जो आत गेला तो भला माणूस, हे त्या घरातलं साधं गणित होतं.

"बाबा, कर्नलसाहेबपण सेव्हंटी-फाइव्हमध्ये आत होते!"

झालं! चौऱ्याऐंशीच्या त्या हिवाळ्यात मुलाकडे आलेले एकनाथराव दर शनिवारी चहाचा थर्मास घेऊन तळघरात उतरू लागले. मोडक्यातोडक्या इंग्रजीत गप्पा मारत, कर्नलला भाऊ म्हणत. सकाळी श्रीरंगला निरोप द्यायला बाहेर आले की तळघराच्या खिडकीशी वाकून हात हलवत.

कर्नल पहिल्याच शनिवारी खरं सांगणार होता. पण कित्येक वर्षांत त्याच्याजवळ कुणी खुर्ची ओढून बसलं नव्हतं. पोटची मुलगीसुद्धा जेवणाचं ताट पायरीवर ठेवून जायची. माणसाच्या लोभापायी तो गप्प राहिला.

अमेरिकेत दोन मराठी माणसं भेटली की मंडळ निघतं आणि तिसरा भेटला की त्याचा सत्कार ठरतो. संक्रांतीच्या कार्यक्रमात कर्नलसाहेबांना शाल-श्रीफळ द्यायचं ठरलं.

आदल्या दिवशी एकनाथराव शाल दाखवायला आले. बर्फातून चालून मोजे भिजले होते. ते काढून त्यांनी पाय हीटरपुढे धरले. तळवे गाठाळलेले होते, बोटं वाकडी जुळून आलेली. कर्नलनं असे तळवे पूर्वी पाहिले होते. ते कशानं होतात, हे त्याला विचारावं लागलं नाही.

"तुरुंगात पाठवण्याआधी, पोलीस ठाण्यात," एकनाथराव सहज म्हणाले. "तुम्हाला कुठे मारलं, भाऊ?"

पाठ म्हणाला असता, खांदा म्हणाला असता, तरी भागलं असतं. उद्या शाल मिळाली असती आणि शनिवारही टिकला असता. त्याला तो शनिवार फार फार हवा होता. पण त्या पायांकडे बघत त्याला खोटं बोलवेना.

"मला कुणी मारलं नाही," तो म्हणाला. "जिथे कैद्यांना मारायचे, ती इमारत माझ्या ताब्यात होती. मारणारे माझे शिपाई होते. ओरडणं रस्त्यावर ऐकू जाऊ नये म्हणून मी अंगणात ट्रक उभा करायला लावायचो. इंजिन चालू ठेवा, असा माझा हुकूम असायचा."

एकनाथरावांनी मांडीवरच्या शालीची घडी घातली.

"आमच्याकडे रेडिओ लावायचे," ते म्हणाले.

ओले मोजे त्यांनी तसेच चढवले. जोड्यात पाय जाईना, तेव्हा कर्नल मदतीला वाकला, तर त्यांनी पाय मागे घेतला. शाल काखेत धरून, कठड्याचा आधार घेत ते जिना चढून गेले.

सत्काराला न्यायला कुणी आलं नाही.

सोमवारी सकाळी शेजारी गाडी सुरू झाली. खिडकीतून चाकं दिसत होती, आणि चाकांपाशी एकनाथरावांचे जोडे. कर्नल त्या जोड्यांकडे बघत राहिला. ते खिडकीकडे वळले नाहीत. त्यानं उशीकडे हात नेला, मग ती बाजूला ठेवली, आणि गाडी निघून जाईपर्यंत तो ऐकत बसला.