ज्याची त्याची सरकी

माझा दीर सहदेव अकोल्याहून परतला, त्या दिवशी सगळ्या गावाला त्याचा संशय आला आणि सगळ्यात आधी मला आला. खोटं कशाला बोलू? संशय घेण्यात मी कोणाला हार जाणारी नाही.

वलगावच्या पलीकडे आमचं गाव. माणूस म्हणजे काय, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. दिसतो, चालतो, बोलतो तो नुसता कापूस. खरा माणूस म्हणजे आतली सरकी, आणि सरकी आपली माती सोडत नाही. म्हणून गाड्यांबरोबर परगावी निघालेला प्रत्येक जण शिवेवर एक सरकी तोंडात धरतो, आपलं असणं तिच्यात उतरवतो आणि ती गावात ठेवून जातो. परत आला की तीच चावायची. ज्याची त्याला गोड लागते. पण कधी कधी वाटेवरचा भलताच कापूस आपल्या माणसाचा चेहरा घेऊन येतो. त्याला ती कडू लागते, आणि तो कडूपणा लपवता येत नाही, असं सगळे धरून चालतात. गावातल्या माणिकबाईने न तपासता असाच एक घरात घेतला होता. भर उन्हाळ्यात ओसरीवर बसल्या बसल्या तो पिंजून उडाला. अंगरखा तेवढा उरला. मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

गावच्या सरक्या सांभाळायचं काम आमच्या घराकडे, म्हणजे माझ्याकडे. ज्याची त्याची वेगळ्या चिंधीत बांधून मी मडक्यात ठेवायची. त्या वर्षी साहेबाच्या देशाला आपल्या कापसाची एकाएकी भूक लागली होती. लोक ज्वारीच्या वावरातही पऱ्हाटी पेरत होते. अकरा जण गाड्या घेऊन गेलेले, त्यात आमचे हे आणि सहदेवही. मृगाच्या तोंडावर मडक्याला ओल धरली, म्हणून मी त्यांच्या सरक्या चिंध्यांतून सोडून सुपात ओळीने उन्हाला घातल्या. तिकडे सासूबाई पेरणीचं बियाणं शेणात घोळत होत्या. त्यांनी माझं सूपही त्याच टोपल्यात उलटं केलं. मी पाणी घेऊन येईपर्यंत तिफण चालू झाली होती. अकरा माणसं ओढ्याकाठच्या वावरात पेरली गेली.

मी कोणाला बोलले नाही. भीती वाटली, सरळ सांगते. उरलेल्या बियाण्याच्या ढिगातल्या दुसऱ्याच अकरा सरक्या चिंध्यांत बांधल्या आणि मडकं जागेवर ठेवलं.

पोळ्याला पहिले परतले ते आमचे हे. मी सरकी दिली. त्यांनी चावली आणि म्हणाले, "गोड हाय." मला इतकं हायसं वाटलं की मी कोपऱ्यात जाऊन रडले. त्यांच्यामागून एकेक करून नऊ जण आले. सगळ्यांना गोड. म्हटलं, कोणतीही सरकी चालते तर! उगाच जीव जाळला.

राहिला सहदेव. तो आला सीतादहीच्या दिवशी. पहिल्या वेचणीआधी आम्ही बाया दहीभात घेऊन त्याच ओढ्याकाठच्या वावरात गेलो होतो, बांधावर गडीमाणसंही जमली होती. सहदेव वाळून काटकी झालेला. बोलण्यात मधूनच गाडीवानांची हिंदी. स्वतःच्या बायकोकडे, वच्छलाकडे, त्याने मान वर करून पाहिलंही नाही. हा तो नव्हे, असं मला तिथेच वाटलं. मी घरून मडकं आणवून त्याला उरलेली सरकी दिली. त्याने चावली आणि थू करून थुंकली.

"कडू जहर हाय, वयनी. हे माही नाही."

"शिवेबाहेर काढा याले," पंजाबराव पाटील म्हणाले. वच्छला मटकन खाली बसली. सगळ्यांत मोठा आवाज आमच्या ह्यांचा. "हा माहा भाऊ नाही! डोये पाहा त्याचे!"

सहदेव नुसता माझ्याकडे बघत राहिला. दोघांनी त्याचे दंड धरले आणि मला राहवेना.

"थांबा! सोडा त्याले. मडक्यातल्या सरक्या खऱ्या नाहीत. खऱ्या याच वावरात पेरल्या गेल्या. चूक माही हाय."

मला वाटलं, आता माझ्यावर तुटून पडतील. पण पाटलांनी सहदेवला सोडायला लावलं आणि सावकाश मागे वळून बाकीच्यांकडे पाहिलं.

"मंग या दहा जनाईले गोड कशी लागली?"

दहाच्या दहा जण खाली मान घालून उभे.  

सहदेव तेवढ्यात वावरात शिरला होता. तो इकडेतिकडे न बघता चौथ्या ओळीतल्या एका झाडापाशी थांबला. बोंड सोललं, सरकी चावली आणि लहान पोरासारखा हुंदके देऊ लागला. "वच्छले," त्याने हाक मारली, "तू किती वाळली वं!" वच्छला धावत गेली. तिला कोणी काही विचारलं नाही, विचारायची गरजही नव्हती.

"जा," पाटील त्या दहांना म्हणाले, "आपापली शोधा." कोणी हललं नाही. मग आमचे हे माझ्याजवळ आले आणि हलक्या आवाजात म्हणाले, "माही कोनती वं?"

असं कसं विचारतात हे? मी क्षणभर त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि बांधालगतच्या एका झाडाकडे बोट केलं. ते त्या अकरांतल्या कोणाचंच नव्हतं; त्या जागी पेरलेलं उगवलंच नव्हतं. खाडा भरायला अमरावतीच्या बाजारातली सरकी मीच माझ्या हाताने तिथे लावली होती, आषाढात.

ते गेले. बोंड तोडलं. सरकी चावताना त्यांची नजर माझ्या चेहऱ्यावरून हलली नाही.

"गोड हाय," ते म्हणाले आणि हसले.

बाया दहीभाताची भांडी आवरू लागल्या. मला आता या माणसाबरोबर घरी जायचं होतं.