मुंढा कापताना

"हे बघ, इथेच सगळे अडतात," मास्तरीणबाईंनी मोबाइल लेकीपुढे धरला. "मी मुंढा कापायला घेते ना, तिथे. लोक मागे जाऊन जाऊन तेवढंच बघतात म्हणे."

शिवणक्लास बंद पडल्यापासून बाई घरच्या टेबलावर शिकवायच्या आणि त्याचे व्हिडिओ टाकायच्या. बाही जिथे बसते तो मुंढा भल्याभल्यांना चकवतो, हे तीस वर्षांत शेकडो मुलींना शिकवून त्यांना पाठ झालं होतं. आपणच घाईत सांगितलं असणार, असं म्हणून त्यांनी तेवढाच भाग नव्याने केला. अगदी सावकाश, टेबलावर ओणवं होऊन तीनदा कापून दाखवला.

आठवड्यात दोन लाख लोकांनी तो व्हिडिओ पाहिला. बाईंना आभाळ ठेंगणं झालं. लेक मात्र कामावरून आली ती तोंड पाडूनच.

"आई, तो काढून टाकू या."

"का गं? चांगला चाललाय की!"

"खाली लोकांनी काय लिहिलंय, वाचलंस?"

वाचलं नव्हतं. आता चष्मा लावून वाचलं. 'काकू, अजून वाका.' 'बाराव्या सेकंदाला बघा, पुढे नुसती कापडाची कटकट आहे.' त्याच्या खालचं वाचताना बाईंचे कान तापले.

"शेवटपर्यंत किती जणांनी बघितलं?"

"हजारात चौघांनी. बाकीचे तेवढंच बघतात आणि पुढच्या बाईकडे जातात."

"मी साठीची बाई गं," त्यांना हुंदका आवरेना. "आणि मापं? मी मापं सांगितली, ती कुणीच नाही ऐकली?"

लेकीने व्हिडिओ काढून टाकला आणि आईच्या पाठीवरून हात फिरवत बसली.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाईंनी शेजारणीच्या कोटाचं कापड टेबलावर पसरलं. लेक कामावर गेली होती, दार बंद होतं, घरात चिटपाखरू नव्हतं. त्या ओणव्या झाल्या आणि डावा हात आपोआप ब्लाउजच्या गळ्याशी गेला. कापड धरायला हातच उरला नाही. ते सरकलं, कात्री खडूची रेघ सोडून आत घुसली. इतक्या वर्षांत त्यांच्या हातून मुंढा कधी बिघडला नव्हता.

त्यांनी ते पाहिलं. तरीही डावा हात खाली आला नाही. गळा घट्ट धरून त्या एकाच हाताने पुढे कापत राहिल्या.