चोचीचा ठसा

मी एक जुना पोलादी ठसा आहे. उंचीने करंगळीएवढा, अंगाने तिच्याहून किंचित जाड. हातोडीचे घाव सोसून माझे डोके चेपले आहे आणि त्याच्या कडा छत्रीसारख्या पसरल्या आहेत. माझ्या दुसऱ्या टोकाला मात्र एका पक्ष्याची चोच कोरलेली आहे, आणि ती अजून स्पष्ट आहे. मित्रांनो, माणसांना नावे असतात हे तुम्ही जाणता; पण एका घराण्याचे आडनाव पोलादाच्या तुकड्यातून जन्माला आले, असे तुम्ही क्वचितच ऐकले असेल. ते भाग्य माझे.

माझा निर्माता लोहार होता. त्याला अक्षरओळख नव्हती. परंतु तापलेले पोलाद कोणत्या रंगाला आले म्हणजे काय मागते, हे त्याला अचूक कळे. एकदा तो कार्यशाळेच्या दारात बसून एका पक्ष्याकडे टक लावून पाहत होता. पक्षी घरट्यासाठी गवताचे पाते चिरत होता, आणि चिरलेल्या कडेला एकही धागा सुटत नव्हता.

"असं कापता आलं पाहिजे," तो भारावून म्हणाला.

"जरूर कापा," आतून बायको म्हणाली. "पण आधी माझ्या सुरीला धार लावा. सकाळपासून भाजी कापत नाहीये मी, चेचतेय!"

त्याने सुरीला धार लावली आणि त्याच दिवशी मला घडवले.

त्याची कामाची रीत मी आदराने सांगतो. पाते लालबुंद असतानाच तो माझा एक घाव त्यावर घाली. एकच, दुसरा घातला तर चोच दुहेरी उमटते. मग ते पाते पाण्यात बुडवून कडक केले जाई आणि त्यानंतर त्याची परीक्षा होई. म्हणजे नाव आधी, परीक्षा नंतर! परीक्षेत पाते उणे ठरले, तर तो ते स्वतःच्या हाताने मोडून पुन्हा भट्टीत टाकी. चोच असलेली वाईट वस्तू त्याच्या उंबऱ्याबाहेर कधी गेली नाही. माणसेही बाळाचे नाव असेच ठेवतात. ते पुढे काय होणार हे कुणालाच ठाऊक नसते, तरी कोणी त्याच्या नावात उजेड ठेवतात, कोणी धैर्य, कोणी एखादे फूल. नाव हे पुष्कळदा आधी दिलेले वचनच असते.

लोक बाजारात विचारू लागले, "चोचवाल्याची कात्री आहे का?" हळूहळू त्याच्या मुलांना लोक चोचवाले म्हणू लागले, आणि नातवंडांच्या काळी तो शब्द झिजून चोचे झाला. कुणी ते आडनाव निवडले नाही. कामावर संतुष्ट झालेल्या लोकांनी ते दिले.

पुढे भट्टी थंडावली. घरातली माणसे कचेऱ्यांत नोकरीला लागली. शेवटच्या लोहाराला एक नात होती. ती एका जागी बसत नसे, म्हणून आजोबा तिला ठिणगी म्हणत. ती मला ओल्या चिखलात दाबून चोचींच्या रांगा उमटवी. मी कोण, हे आजोबांनी तिला सांगायचे राहून गेले. ते गेले, आणि एका वाऱ्याच्या दिवशी आदळणाऱ्या खिडकीच्या फटीत कुणीतरी तिच्या देखतच मला पाचर म्हणून ठोकले. अनेक वर्षे मी तिथेच गंजत होतो.

तिच्या बाबांनी आजोबांना माझ्याविषयी कधी विचारले नव्हते; आडनावाचा अर्थ सांगायला मग उरले फक्त काका. "आपल्या मूळपुरुषाचं नाक असं होतं," ते स्वतःच्या लांब नाकावरून बोट फिरवत म्हणत, "की वळणावर आधी नाक यायचं, मग तो!" सगळे हसत. शाळेत मात्र मुले ठिणगीला म्हणत, "चोच उघड, दाणा देतो." ती घरी येऊन आरशासमोर नाक झाकून उभी राही. मी खिडकीतून पाहत असे.

ठिणगी मोठी झाली, अवजारे घडवायला शिकली, आणि तिने आजोबांची भट्टी पुन्हा पेटवली. दुकानाची पाटी रंगवायला रंगारी शिडीवर चढला.

"ताई, वर नाव काय लिहू?"

"चोचे सोडून काहीही."

"अगं, नाकावर किती तो राग!" काका म्हणाले.

"काका, आज नको."

बाबा ऐरण पुसत होते. त्यांचा हात थांबला. "दुकान तुझं, नाव तुझं," ते हळू म्हणाले. "मी काय बोलणार?" आणि पुसलेलीच ऐरण ते पुन्हा पुसू लागले.

इतक्यात रोपवाटिका चालवणाऱ्या एक आजी दाराशी आल्या. हातात फडक्यात गुंडाळलेली छाटणीची कात्री होती.

"चोचेंचं दुकान हेच ना?"

"का हो, आजी?" ठिणगीचा स्वर कोरडा होता.

"भट्टी पेटली असं ऐकलं, म्हणून धार लावून घ्यायला आले. माझ्या सासूबाईंची कात्री आहे. दुसऱ्याच्या हाती देणार नाही मी. त्या म्हणायच्या, आधी चोच बघ, मग डोळे मिटून विकत घे."

"कसली चोच?"

"ही काय!" आजींनी पात्यावर बोट ठेवले.

ठिणगीने त्या खुणेवरून अंगठा फिरवला. "बाबा, ही चोच मी चिखलात उमटवायचे!" ती खिडकीकडे धावली. मला उपसले, तशी खिडकी धाडकन आदळली. तिने माझे टोक त्या खुणेत टेकवले. म्यानात तलवार बसावी तसा मी बसलो.

काकांनी नाक चाचपले. "म्हणजे इतकी वर्षं मी हे उगाच मिरवलं?"

"ताई," वरून आवाज आला, "मी शिडीवरच म्हातारा होऊ का?"

"लिहा. चोचे. लांबून दिसेल असं लिहा!"

मग तिने भट्टीतून लाल पाते काढले. बाबांनी ते सांडशीत धरले. तिची हातोडी वरच थबकली.

"बाबा, पातं बिघडलं तर?"

"तर मोडू. आजोबाही मोडायचे."

घाव पडला. पाते पाण्यात गेले. तडकण्याचा आवाज येतो का, म्हणून सगळे श्वास रोखून ऐकत राहिले.

मित्रांनो, तुमच्या नावाची कुणी थट्टा केली, तर ते टाकून देण्यापूर्वी घरच्या वडीलधाऱ्यांना त्याचे मूळ विचारा. त्यांना आठवत नसेल, तर जुन्या वस्तूंना विचारा. आणि माझ्यासारखा एखादा सापडला, तर त्याला तेलाचे बोट तेवढे लावा.

ते पाते तडकले नाही. त्याची कात्री झाली. सासूबाईंची कात्री आजींकडेच आहे. ही नवी त्यांच्या सुनेच्या हाती आहे. तिनेही घेताना आधी चोच पाहिली.