कापून टाकलेला भाग

शरणम्मानं पुन्हा रिमोट दाबून चित्र थांबवलं.

“काय झालं?” गुरप्पानं विचारलं.

“लई माणसं एकदम पळायलीत. कोण कुटं पळतंय ते बघू द्या की.”

“तुला जमायचं न्हाय ते. बंद कर.”

“जमतंय. गप बसा जरा.”

गुरप्पानं भवानी पेठेत उभा जन्म यंत्रमाग चालवण्यात घालवला. काचबिंदूनं डोळे गेले, तेव्हापासून त्यानं कुणाकडं काही मागितलं नव्हतं. ताट पुढं आलं की जेवायचा, उशीर झाला तरी विचारायचा नाही. परवा मात्र लेकीला, सोनालीला, म्हणाला, त्या राक्षसी कासवाचा सिनेमा आता लांब करून आलाय म्हणं. जुना सिनेमा त्यानं लहानपणी तंबूत पाहिला होता. त्यावरून नव्यानं काढलेला थिएटरात, नजर शाबूत असताना. तेव्हा कापून टाकलेला भाग आता परत जोडला होता. सोनालीनं तो टीव्हीवर लावून दिला आणि ती कामावर गेली. शरणम्मा सिनेमाला कधी नीट बसलेलीच नव्हती. पण नवऱ्यानं तोंड उघडून काही मागितलं होतं. ते अर्धवट सोडायचं नाही, एवढं तिनं मनाशी धरलं.

तिनं चित्र मागं नेलं आणि ती सांगायला लागली. धुक्यातलं बेट. त्यावरचा डोंगर. मग तो डोंगरच उठून चालायला लागला.

“डोळा केवढा दाखवलाय?”

“आपल्या हौदाएवढा. अन् ओला.”

गुरप्पा भिंतीला टेकला होता, तो सरळ झाला.

“आता कासव एकलंच हाय,” ती म्हणाली. “मागच्या पायानं वाळू उकरतंय.”

“हे नव्हतं त्यात.”

“अवो, अंडी घालतीय. मादी हाय ती.”

गुरप्पा तिच्याकडं सरकला.

“मग?”

“मग वाळू लोटतीय वर. कुणाला दिसू नये म्हणून. अन् तिकडनं माणसं आली, साखळदंड घिऊन.”

त्यानंतर तिनं चित्र एकदाही थांबवलं नाही. जहाज आलं, बंदर आलं, बघ्यांची गर्दी, तुटलेल्या साखळ्या. सगळं ती एका दमात सांगत गेली. तोफा सुरू झाल्या तशी म्हणाली, “समुद्राकडं वळली. घराकडं...”

आणि थांबली. बांगड्या वाजल्या. गुरप्पानं चाचपत हात लांबवला. तिचे दोन्ही तळवे तिच्या डोळ्यांवर होते.

“बघवंना व्हय?”

“न्हाय.”

“ऱ्हाऊ दे. मिटूनच बस. कवा उघडायचं ते मी सांगतो.”

तोफा थांबल्या. माणसांचा गलका उठला आणि विरला. मग नुसतं पाणी वाजत राहिलं. तिचं मनगट धरून गुरप्पा कान देऊन बसला होता.

“उघडू?” तिनं विचारलं.

“अजून न्हाय,” तो म्हणाला.