एकतीस वॉल

नगरपालिकेचा नळांचा नकाशा आमच्या घरी जेवायचा आणि आमच्याच ओसरीवर घोरायचा. म्हणजे आमचे हे. बावीस वर्षं रोजंदारीवर वॉलमन. पाणी सोडायचे-बंद करायचे एकतीस वॉल गावात कुठे कुठे गाडलेत, ते एकाही कागदावर नव्हतं. फक्त यांच्या डोक्यात होतं.

साल २००६. कापसानं सगळ्यांनाच बुडवलं. खेड्यांतली घरंच्या घरं आमच्या गावात येऊन राहिली. वस्ती दुप्पट झाली, नळयोजना तीच जुनी. पाणी आठव्या दिवशी. त्यात नगरपालिकेनं सिमेंटचे रस्ते केले आणि अर्धे वॉल खाली गाडून टाकले. शहाण्यांनी आधी विचारलंही नाही. तीन वस्त्या कोरड्या पडल्या, तेव्हा इंजिनियर साहेब आमच्या दारात आले.

मी यांना आत बोलावून बजावलं, "पयले कायम केल्याची ऑर्डर मांगा. तवर एकबी वॉल दाखवू नका. साठी जवळ आली तुमची. मंग कोन पुसते?"

यांनाही पटलं. "ऑर्डर द्या साहेब, मंग दाखवतो."

"फाईल वर पाठवतो," म्हणून साहेब गेले.

पाचव्या दिवशी शेजारच्या गल्लीतली बिस्मिल्लाबी रिकामी घागर घेऊन आली, यांना म्हणाली, "उकंडाभाऊ, सून बाळंतीन झाली काल. लेकराले पुसाले पानी नाई."

हे उठलेच. मी म्हटलं, "तिच्या गल्लीचा एकच दाखवा."

कसलं एकच! टाकीतून पाणी सोडायला लावलं, लोखंडी सळई रस्त्यावर टेकवली, वरच्या टोकाला कान लावला आणि जिथे पाणी अडल्याचा आवाज आला तिथे चुन्याचा गोल काढला. संध्याकाळपर्यंत एकतीस गोल. मागे मागे इंजिनियर कागदावर उतरवून घेत होता.

"एकाले पानी आन् दुसऱ्याले नाई, असं कसं करू?" हे घरी येऊन म्हणाले. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

पंधरा दिवसांत पाणी सोडायचं कंत्राट निघालं. ऑर्डर आलीच नाही. आला तो कंत्राटदाराचा माणूस, नकाशाची झेरॉक्स घेऊन, वॉल फिरवायची चावी मागायला. मी चावी त्याच्या पायाशी फेकली. तो ती उचलून निघाला.

हे ओसरीवर बसून होते. एकाएकी उठले आणि अनवाणीच त्याच्यामागे धावले. वाटलं, आता चावी हिसकावून घेतात. खरं सांगते, मला बरं वाटलं.

"अरे भाऊ, थांब! मशिदीजवळचा वॉल उलटा फिरते. सुलटा जोर लावशीन तं तुटन, आन् सारी गल्ली कोरडी राहीन."