चौकटीतला राब

डोंगरा रं दादा, उभा किती राहशील,
आवणी सरली माझी, घरी कवा येशील…

चिखलात वाकून भात लावणाऱ्या आईचा हा आवाज रोहिणीने बांधावर बसून ऐकला, तेव्हा ती पाच वर्षांची होती. डोंगराला कोणी घरी बोलावतं आणि तो येईल म्हणून वाटही बघतं, याचं नवल तिच्या मनातून अजून ओसरलं नव्हतं.

मोठेपणी ती नाशकात कॉलेजात शिकवायची आणि सुट्टीत फिल्म करायची. तिच्या फिल्मला गोष्ट नसे. या वर्षी तिने घोटीजवळच्या आपल्याच बांधावर कॅमेरा लावायचा नेम धरला होता. दर पुनवेला सकाळी, सूर्य डोंगराआडून वर येईतो, बारा मिनिटं. कॅमेरा हलवायचा नाही. समोर कोणी यायचं नाही.

अकरा पुनवा साधल्या. भात पोपटी झालं, पिवळं पडलं, कापलं गेलं. डोंगर हिरव्याचा निळा, निळ्याचा राखी झाला. तेवढा वेळ तिची आई, मालनबाई, साऱ्या रानाला वळसा घालून कॅमेऱ्याच्या मागून गोठ्याकडे जायची.

"डोंगर पळून चाललाय का, राखण करतीस ती?"

"पळतोच आहे, आई. फार हळू पळतो, म्हणून बसावं लागतं."

"मग बस. माझ्या म्हशीला नाय थांबता येत."

आज बारावी पुनव, वैशाखाची. हा तुकडा हुकला की वर्ष पाण्यात. झुंजुमुंजूला येऊन रोहिणीने कॅमेरा सुरू केला. तिसऱ्या मिनिटाला मालनबाई निखाऱ्याचं घमेलं घेऊन थेट समोरच्या खाचरात शिरली आणि तिथून धूर निघाला.

राब पेटला होता. रोपं टाकायच्या आधी त्या जागेवर शेण, पाला, फांद्या रचून जमीन भाजतात. दरसाल हे काम विहिरीजवळ व्हायचं, फ्रेमच्या कितीतरी बाहेर. समोर रचलेला पाला अंधूक उजेडात तिला दिसलाच नव्हता.

हाक मारायला ती उठली, पण धुराकडे बघतच राहिली.

वारा पडलेला होता. धूर वर जाईना, पाट फोडल्यासारखा खाचराखाचरांतून पसरत गेला. डोंगराचा पायथा पुसला, मग कंबर. नुसता माथा तरंगत राहिला. तेवढ्यात त्याच्यामागून सूर्य आला आणि धुराचा कण न् कण पेटला. काठीने पाला सारखा करणाऱ्या आईची सावली धुरातून लांबत लांबत पार बांधापर्यंत आली. आजीने, पणजीने, तिच्याही आधीच्या कुणी हीच माती अशीच भाजली असेल. डोंगराने तेव्हाही हा धूर असाच अंगावर घेतला असेल. वर्षभर रोहिणी काळ सरताना दिसावा म्हणून बसली होती, आणि तो आईच्या रूपात काठी घेऊन समोर उभा होता.

बारा मिनिटं कधीच उलटली. कॅमेरा तिने बंद केला नाही.

राब विझत आला तशी मालनबाई हात झटकत बांधावर आली.

"बिघडलं ना तुझं?"

"राब इकडे का केलास, आई?"

"हिरीजवळ गाळ साचलाय लय."

मायलेकी शेजारी बसल्या. मालनबाईने पदराने कपाळावरची राख पुसली.

"गाळबिळ काय नाय," ती म्हणाली. "तू म्हणालीस, समोर कुणी येऊ नका. अकरा म्हयने मी मागून गेले, गप. चाळीस वर्सं ह्या रानात वाकलेय, रोहिणे. मला त्यात दिसायचं व्हतं."